दुबार पेरणीला न डगमगलेला कारखानदार : लक्ष्मणराव किर्लोस्कर

महागाव (जि. यवतमाळ) : मृगाच्या सरी कोसळल्या, की महागाव तालुक्याच्या काळ्या शिवारात एकच लगबग सुरू होते. कुठे तिफण चालते, कुठे सरकी टोबली जाते. मात्र अनेकदा पुढे पाऊस ओढ देतो, कोंब जमिनीतच करपतात आणि उसनवारीने आणलेले बियाणे मातीमोल होते. मग शेतकऱ्यापुढे एकच मार्ग उरतो, तो म्हणजे दुबार पेरणीचा. यवतमाळ जिल्ह्यातील कापूस उत्पादकाला या शब्दाचा अर्थ वेगळा समजावून सांगावा लागत नाही. पेरणीच्या याच ऐन धांदलीत, २० जून रोजी, अशा एका माणसाची जयंती येते, ज्याच्या आयुष्याला दुबार पेरणीचीच उपमा शोभावी. महाराष्ट्राच्या शेतात लोखंडी नांगर रुजविणारे उद्योजक लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्कर यांच्या वाट्याला अपयशाचे, अवहेलनेचे आणि विध्वंसाचे प्रसंग वारंवार आले. प्रत्येक वेळी त्यांनी दोनच गोष्टींचा आधार घेतला. एक, कागदावर काढलेला नवा आराखडा आणि दुसरा, जोडून ठेवलेली माणसे.

रंगांनी दगा दिला

लक्ष्मणरावांचा जन्म २० जून १८६९ रोजी बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूर या गावी झाला. वडील काशिनाथपंत वेदान्ताचे व्यासंगी होते. घरातील वातावरण विद्येचे असले, तरी शाळेच्या पुस्तकांत या मुलाचे मन रमत नसे. त्याला ओढ होती ती चित्रांची आणि यंत्रांची. मुलाने रूढ शिक्षण सोडून चित्रकलेच्या मागे लागावे, हे वडिलांना रुचणारे नव्हते. अशा वेळी थोरले बंधू रामूअण्णा पाठीशी उभे राहिले. त्यांच्या आधारावर १८८५ मध्ये लक्ष्मणराव मुंबईच्या जे. जे. कला शाळेत दाखल झाले. भाऊ आणि मित्र अशा दोन्ही नात्यांनी रामूअण्णांनी दिलेली ही साथ पुढे आयुष्यभर टिकली.

मुंबईत चित्रकलेचे शिक्षण सुरू असतानाच पहिला आघात झाला. लक्ष्मणरावांना काही रंगांतील फरक ओळखता येत नाही, त्यांना अंशतः रंगांधत्व आहे, असे निदर्शनास आले. चित्रकार होऊ पाहणाऱ्या तरुणाला यापेक्षा मोठा धक्का कोणता असणार? घरच्यांचा विरोध पत्करून निवडलेली वाट ऐन विशीच्या उंबरठ्यावर बंद झाली होती.

परंतु रंग गेले तरी रेषा शिल्लक होती. लक्ष्मणरावांनी रंगकाम सोडले आणि यांत्रिक रेखाटनाचा अभ्यास हाती घेतला. यंत्राचा प्रत्येक भाग मोजून-मापून कागदावर उतरविणे, तो कसा फिरतो, कोणाला ढकलतो, कोठे अडतो याचा विचार करणे, यात त्यांची बुद्धी चालू लागली. या कौशल्याच्या बळावर त्यांना मुंबईच्या व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये यांत्रिक रेखाटनाच्या शिक्षकाची नोकरी मिळाली. संस्था नवी होती आणि तेथील कर्मशाळेत यंत्रे हाताळायला मिळत होती. शिकविता शिकविता ते स्वतःही शिकत राहिले. ज्या उणिवेने चित्रकार हिरावून नेला, तिनेच एक यंत्ररचनाकार घडविला.

सायकलचे दुकान

नोकरी सुरू असतानाच बंधूंचा एक जोडधंदा आकार घेत होता. सायकल हे वाहन त्या काळी नवलाईचे आणि श्रीमंतांनाच परवडणारे होते. लक्ष्मणरावांनी मुंबईत सायकली खरेदी करून बेळगावला पाठवायच्या आणि रामूअण्णांनी त्या तेथे विकायच्या, अशी वाटणी ठरली. गिऱ्हाईकाला सायकल चालविण्यास शिकविण्याचे कामही दुकानच करी. १८८८ हे किर्लोस्कर बंधूंच्या उद्योगाचे स्थापनावर्ष मानले जाते.

पुढे संस्थेत बढतीची संधी आली, तेव्हा लक्ष्मणरावांना डावलून ती जागा एका अँग्लो-इंडियन सहकाऱ्याला देण्यात आली. परकीय राजवटीत असे प्रसंग अपवादात्मक नव्हते. अनेक जण मुकाट्याने ते सोसत. लक्ष्मणरावांनी राजीनामा दिला आणि ते बेळगावला परतले. पगाराची शाश्वती संपली होती. हाताशी होते ते छोटे दुकान, मोजकी अवजारे, यंत्रांविषयीची पुस्तके आणि भावाचा विश्वास.

लोखंडाला घाबरणारे शेत

बेळगावात आल्यावर लक्ष्मणरावांचे लक्ष भोवतालच्या शेतीकडे वळले. जनावरांपुढे टाकलेला अख्खा कडबा बराचसा वाया जातो, हे त्यांनी पाहिले आणि कडबा कापण्याचे यंत्र तयार केले. कुट्टी करून दिली, की वैरण पुरवठ्याला येते, ही गोष्ट शेतकऱ्याला पटणारी होती. यानंतर १९०३ च्या सुमारास त्यांनी लोखंडी नांगराचे काम हाती घेतले.

लाकडी नांगर जमीन चिरतो, पण माती पालटत नाही. त्याच्या तासाखाली हरळी आणि कुंद्याची मुळे शाबूत राहतात आणि पावसाबरोबर पुन्हा फोफावतात. लोखंडी नांगराचा फाळ खोल जातो आणि त्यामागचा वळणदार पत्रा मातीची चीप उचलून उलथी करतो. तणाची मुळे, किडींचे कोष आणि अंडी उन्हात उघडी पडतात. खालची माती वर येते आणि पावसाचे पाणी अधिक मुरते. उन्हाळ्यातील खोल नांगरट बोंडअळीच्या बंदोबस्तासाठी उपयोगी पडते, असे कृषी खाते कापूस पट्ट्यातील शेतकऱ्यांना आजही सांगत असते. त्यामागील तत्त्व हेच आहे.

परदेशी बनावटीचे असे नांगर त्या काळी येत असत. परंतु ते महाग होते आणि मोडलेला भाग मिळण्याची पंचाईत होती. देशी बैलाला ओढता येईल आणि देशी शेतकऱ्याला दुरुस्त करता येईल असा नांगर येथेच घडवावा, हा लक्ष्मणरावांचा ध्यास होता.

नांगर तयार झाले, पण विकले जाईनात. लोखंडाच्या स्पर्शाने जमिनीत विष भिनते, अशी समजूत शेतकऱ्यांत घट्ट रुजलेली होती. तयार माल पडून राहिला. पहिले नांगर विकले जाण्यास तब्बल दोन वर्षे लागली. एखाद्या अधीर कारखानदाराने शेतकऱ्याला अडाणी ठरवून धंदा बदलला असता. लक्ष्मणरावांनी मात्र धीर सोडला नाही. ज्याचे सारे वर्ष एका पेरणीवर अवलंबून असते, तो नव्या वस्तूला घाबरणारच. त्याला वाद घालून जिंकता येत नाही, शेतातला तास दाखवावा लागतो. वर्षभराची मीठ-भाकर पणाला लावून कोणताही शेतकरी प्रयोग करीत नाही, ही गोष्ट महागावच्या शिवारात आजही तितकीच खरी आहे. कालांतराने नांगरलेल्या शेतांतील पीक पाहून शेजारचे शेतकरी विचारपूस करू लागले आणि मागणी हळूहळू वाढत गेली.

राजाचा मित्र, मित्राचा माळ

कारखाना स्थिरावतो न स्थिरावतो तोच तिसरे संकट दारी आले. बेळगाव नगरपालिकेला वस्तीच्या विस्तारासाठी जागा हवी होती. कारखान्याची जागा त्या आखणीत सापडली आणि ती रिकामी करण्याचा आदेश निघाला. यंत्रे उचलून न्यायची कोठे? नवी जमीन घेण्याइतके भांडवल जवळ नव्हते. कामगारांचे संसार कारखान्यावर अवलंबून होते.

या वेळी मदतीला धावून आले औंध संस्थानचे अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी. लक्ष्मणरावांनी औंध येथे त्यांच्यासाठी बांधकामाचे काम केले होते आणि दोघांत स्नेह होता. बाळासाहेब १८६८ मध्ये जन्मलेले, म्हणजे लक्ष्मणरावांपेक्षा जेमतेम वर्षाने वडील. ते स्वतः चित्रकार होते आणि कलावस्तूंचे मोठे संग्राहक होते. औंधचे प्रसिद्ध भवानी वस्तुसंग्रहालय ही त्यांचीच देणगी. एकाने रंगांच्या जगात मनसोक्त विहार केला, तर दुसऱ्याला ते जग सोडावे लागले. परंतु रेषेवरील प्रेम आणि काहीतरी घडविण्याची हौस हा दोघांमधील समान धागा होता. अधिकार आणि धन यांच्या पायऱ्या ओलांडून ही मैत्री जुळली.

बाळासाहेब १९०९ मध्ये गादीवर आले होते. मित्राची अडचण कळताच त्यांनी संस्थानच्या हद्दीत, कुंडल रोड रेल्वे स्थानकाजवळ ३२ एकर जमीन देऊ केली आणि दहा हजार रुपयांचे कर्जही दिले. औंध हे काही धनाढ्य संस्थान नव्हते. त्याचा मुलूख विखुरलेला आणि बराचसा दुष्काळी होता. अशा राजाने दहा हजारांची रक्कम मित्राच्या हाती ठेवावी, यात व्यवहारापेक्षा माणसावरील विश्वासच अधिक होता.

१० मार्च १९१० हा किर्लोस्करवाडीचा स्थापनादिन मानला जातो. मिळालेली जागा म्हणजे ओसाड माळ होता. निवडुंगाची दाट बने, सापांचा सुळसुळाट आणि पाण्याची टंचाई, असे तेथील चित्र होते. लक्ष्मणराव, रामूअण्णा आणि पंचवीसएक कामगारांची कुटुंबे या माळावर उतरली. पाश्चात्त्य देशांतील कारखान्यांभोवती वसविलेल्या नियोजित वसाहतींविषयी लक्ष्मणरावांनी वाचले होते. तशी वसाहत आपल्या देशात उभारावी, ही त्यांची जुनी इच्छा होती. बेळगावने बाहेर काढले नसते, तर ती कदाचित मनातच राहिली असती.

माणसांचा आराखडा

किर्लोस्करवाडीच्या रचनेत भट्टी आणि ओतशाळेइतकेच महत्त्व घरांना आणि झाडांना होते. वसाहतीची आखणी व कारभार रामूअण्णांनी पाहिला. शंभूराव जांभेकर यांनी यंत्रकामाचा भार उचलला. मंगेशराव रेगे यांनी हिशेब सांभाळला. शाळेत फारशी प्रगती न झालेले अनंतराव फळणीकर येथे कल्पक यंत्रज्ञ म्हणून पुढे आले. पदवीच्या कागदापेक्षा हातातील गुण ओळखण्याची लक्ष्मणरावांची दृष्टी यामागे होती. शाळेने नापसंत केलेला विद्यार्थी काय असतो, हे त्यांना स्वानुभवाने ठाऊक होते.

या माणसांत सर्वांत विलक्षण नाव होते तुकाराम रामोशी यांचे. गुन्ह्यासाठी शिक्षा भोगलेल्या या माणसाला लक्ष्मणरावांनी वाडीच्या राखणीचे काम दिले. ज्याच्यापासून मालमत्ता जपायची, त्याच्याच हाती ती सोपविण्याचा हा निर्णय त्या काळी अनेकांना धाडसाचा वाटला असेल. रामोशी समाजावर ब्रिटिश राजवटीत जन्मजात गुन्हेगारीचा शिक्का मारला गेला होता, हे लक्षात घेतले म्हणजे या निर्णयाचे मोल कळते. तुकाराम यांनी हा विश्वास सार्थ केला.

पुढे १९३९ मध्ये याच औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत सुरू झाली. भिंती आणि बेड्यांऐवजी शेती व विश्वास यांवर आधारलेल्या या प्रयोगावरून व्ही. शांताराम यांनी १९५७ मध्ये ‘दो आँखें बारह हाथ’ हा चित्रपट काढला. माणसावर आधी विश्वास टाकावा, मग तो बदलतो, हे सूत्र या भूमीने त्याआधीच किर्लोस्करवाडीत अनुभवले होते.

लक्ष्मणराव अस्पृश्यतेचे कडवे विरोधक होते. वाडीत तिला थारा नव्हता. वेगवेगळ्या जातींची माणसे एकाच ओतशाळेत घाम गाळीत आणि एकाच वसाहतीत राहत. १९२० मध्ये त्यांचे पुतणे, चित्रकार शंकरराव किर्लोस्कर यांनी ‘किर्लोस्कर खबर’ हे नियतकालिक सुरू केले. कारखान्याची खबरबात गिऱ्हाइकांपर्यंत नेणारे हे पत्र बघता बघता विचारांचे मासिक बनले. १९३० मध्ये ‘स्त्री’ आणि १९३४ मध्ये ‘मनोहर’ या मासिकांची त्यात भर पडली. नांगर बनविणाऱ्या माळावरून मराठी घराघरांत नवे विचारही पोहोचू लागले.

तोफांचे नांगर

१९१४ मध्ये पहिले महायुद्ध पेटले आणि कारखान्याचा श्वास कोंडला. परदेशातून येणारे लोखंड बंद झाले. कोळसा आणि रंग मिळेनासे झाले. मागणी होती, पण नांगर ओतायला धातू नव्हता. लक्ष्मणरावांनी गावोगावची मोड गोळा केली. बाजारात न मिळणारा रंग कारखान्यातच तयार करण्याची खटपट केली. कोल्हापूरचे राजर्षी शाहू छत्रपती यांनी संस्थानातील जुन्या तोफा वितळविण्यासाठी दिल्या. जग तोफा ओतत असताना दक्षिण महाराष्ट्रातील एका माळावर तोफांचे नांगर होत होते. शेतकऱ्याला नांगर मिळालाच पाहिजे, या एका आग्रहापोटी दोन संस्थानिक आणि एक कारखानदार जोडले गेले.

युद्ध संपल्यानंतर १९२० मध्ये किर्लोस्कर ब्रदर्स लिमिटेड ही कंपनी स्थापन झाली. नांगरापाठोपाठ उसाचे चरक, भुईमुगाच्या शेंगा फोडण्याची यंत्रे आणि पाणी उपसणारे पंप तयार होऊ लागले. लक्ष्मणरावांचे पुत्र शंतनुराव अमेरिकेतील मॅसॅच्युसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी येथून १९२६ मध्ये अभियांत्रिकीची पदवी घेऊन परतले आणि कामात सहभागी झाले. जागतिक मंदीत शेतीमालाचे भाव कोसळले आणि शेतकऱ्याची खरेदी थांबली, तेव्हा कारखान्याने लोखंडी फर्निचर बनवून दिवस काढले. पुढे हरिहर, बंगळूर आणि पुणे येथेही किर्लोस्करांचे उद्योग उभे राहिले.

आग आणि त्यानंतर

लक्ष्मणरावांच्या आयुष्यातील सर्वांत कठोर परीक्षा अखेरीस आली. ३० जानेवारी १९४८ रोजी महात्मा गांधींची हत्या झाली. त्यानंतर दक्षिण महाराष्ट्रात ब्राह्मणांविरुद्ध हिंसाचार उसळला आणि त्याच्या झळा किर्लोस्करवाडीपर्यंत पोहोचल्या. जमावाने कारखान्याला आग लावली. जातिभेदाला थारा न देणाऱ्या माणसाने उभारलेली वास्तू जातीच्या द्वेषात होरपळली. त्या वेळी लक्ष्मणराव ऐंशीच्या घरात होते. त्याच वर्षी औंध संस्थानही विलीन झाले आणि मित्राने ज्या राजसत्तेच्या बळावर आधार दिला होता, ती इतिहासजमा झाली.

मोडून पडण्यास, कडवट होण्यास एवढे कारण पुरेसे होते. प्रत्यक्षात ढिगारे उपसले गेले, यंत्रे पुन्हा उभी राहिली आणि किर्लोस्करवाडी नव्याने चालू झाली. राखेतून उठण्याची ही ताकद एका रात्रीत आलेली नव्हती. रंगांधत्वापासून बेदखलीपर्यंत आणि बेदखलीपासून महायुद्धापर्यंत, तिची मशागत अर्धशतकाहून अधिक काळ चालली होती. बाळासाहेब पंतप्रतिनिधी यांचे १९५१ मध्ये निधन झाले. २६ सप्टेंबर १९५६ रोजी लक्ष्मणरावांनीही जगाचा निरोप घेतला. जन्मशताब्दीनिमित्त १९६९ मध्ये भारतीय डाक विभागाने त्यांच्या स्मरणार्थ टपाल तिकीट काढले. निवडुंगाच्या त्या माळावर आजही पंप तयार होतात आणि जवळचे रेल्वे स्थानक किर्लोस्करवाडी या नावानेच ओळखले जाते.

महागावच्या बांधावरून

नागपूर-तुळजापूर महामार्गावरील महागाव आणि सांगली जिल्ह्यातील किर्लोस्करवाडी यांच्यात शेकडो किलोमीटरचे अंतर आहे. तेथे कृष्णाकाठचा ऊस, तर येथे कोरडवाहू कापूस. नांगरटीसाठी बैलांच्या जोड्यांची जागा बव्हंशी ट्रॅक्टरने घेतली आहे. बियाणे, फवारणी आणि कर्ज यांचे गणित लक्ष्मणरावांच्या काळापेक्षा कितीतरी गुंतागुंतीचे झाले आहे. एका उद्योजकाच्या चरित्राने यवतमाळच्या कापूस उत्पादकाचे कर्ज फिटणार नाही आणि पाऊसही वेळेवर येणार नाही, हे उघड आहे.

तरीही या चरित्रातून एक गोष्ट बांधावर उभ्या असलेल्या माणसापर्यंत पोहोचते. लक्ष्मणराव कोणत्याही संकटातून एकटे बाहेर पडले नाहीत. चित्रकला सुटली तेव्हा यंत्ररेखाटन होते, पण शिक्षणासाठी रामूअण्णांचा आधारही होता. बेळगाव सुटले तेव्हा नव्या वसाहतीचा आराखडा होता, पण त्यासाठी बाळासाहेबांचा माळही होता. लोखंड संपले तेव्हा भट्टी होती, पण तीत घालायला शाहू महाराजांच्या तोफाही होत्या. त्यांचा आशावाद हा कोरडा उपदेश नव्हता. तो अवजारांत आणि माणसांत रुजलेला होता.

दुबार पेरणीची वेळ येते तेव्हा बियाणे लागते, तिफण लागते आणि ओलही लागते. परंतु त्याआधी लागतो तो शेजारच्या धुऱ्यावरून दोन पायल्या बियाणे घेऊन येणारा माणूस. लक्ष्मणरावांच्या आयुष्यात तो प्रत्येक वेळी आला, कारण इतरांच्या पडत्या काळात तेही असेच कोणाच्या तरी धुऱ्यावर उभे राहिले होते. तुकाराम रामोशी आणि अनंतराव फळणीकर यांची नावे याची साक्ष देतात. २० जूनला या थोर माणसाचे स्मरण करताना, पावसाकडे डोळे लावून बसलेल्या शिवाराने एवढे जरी ध्यानात ठेवले, तरी त्या लोखंडी नांगराचा तास वाया गेला असे म्हणता येणार नाही.